रेखाकाकूंचा बिल्ला

रविवार, १३ जुलै. रॉकलंड, मेन

वारा नैर्ऋत्येचा आहे आणि उद्या नाश्ता झाला की निघायचं, असं कॅप्टन लिंडननी आत्ताच डेकवर येऊन पक्कं सांगितलं. नीलने टाळ्या वाजवल्या. मीही वाजवल्या. शिडाच्या बोटीवर मी आयुष्यात पहिल्यांदाच पाऊल ठेवलंय.

'प्रूडन्स' दोन डोलकाठ्यांची, जुनी, लाकडी. आठवडाभर मेनच्या किनाऱ्याने बेटाबेटांतून हिंडायचं. जुनी दीपगृहं, ग्रॅनाइटच्या बंद पडलेल्या खाणी, ओसाड गावं बघायची आणि शनिवारी दुपारी परत इथेच यायचं. प्रवासी आम्ही पाचच. प्रतापकाका आणि रेखाकाकू पंडित, सांता क्लाराहून आलेले नील आणि मीरा, आणि मी. माझा नवरा कुशलही येणार होता, पण ऐनवेळी ऑफिसने त्याची सुट्टी कॅन्सल केली. तो म्हणाला, तू जा, अनयाला मी बघतो. अनयाने ही वही दिली आणि बजावलं, "राइट एव्हरीथिंग, आई. फोटो नकोत, बोअरिंग असतात."

मला ओढून आणलं ते काकूंनी. नागपूरहून अमेरिकेत शिकायला आले तेव्हा त्या आमच्या विद्यापीठाच्या गावात राहायच्या. पहिल्या भेटीत त्यांनी माझं आडनाव विचारलं नाही. "जेवलीस का?" एवढंच विचारलं. अजूनही फोनवर पहिला प्रश्न तोच असतो. अनया झाली तेव्हा माझ्या आईला व्हिसा मिळाला नाही, तर वेस्ट विंडसरला आमच्या घरी येऊन महिनाभर काकूच राहिल्या.

बोटीवर एक गमतीची पद्धत आहे. जिन्याशेजारी फळी, तिच्यावर खिळे, आणि प्रत्येकाच्या नावाचा पितळी बिल्ला. बेटावर उतरताना आपला बिल्ला खिशात घालून न्यायचा, परत आलं की खिळ्याला लावायचा. पूर्वी खाणकामगार असं करत. फळी भरली की कॅप्टन नांगर उचलतात. एकच नियम त्यांनी दोनदा सांगितला, की आपला बिल्ला आपल्याच हाताने लावायचा. काकू म्हणाल्या, आमच्या कॉलेजात असतं तर एकाच मुलीने सगळ्या वर्गाचे लावून टाकले असते. सगळे हसले. कॅप्टन तेवढे हसले नाहीत. त्यांना मराठी कुठून कळणार!

सोमवार, १४ जुलै

दिवसभर ऊन. शीड चढवताना सगळ्यांनी दोर ओढला. काका निवृत्त सर्जन, पण त्यांनी इतक्या जोरात ओढला की काकू ओरडल्या, "अहो, रिटायर झालात, आता ऑपरेशन तुमचंच करावं लागेल!"

काकूंचे गुडघे फार दुखतात. शिडी उतरताना पाठमोऱ्या, एकेक पायरी, दर पायरीला "आई गं". प्लास्टिकच्या पिशवीतून घरचं आलं आणलंय. बोटीवरच्या चहाला त्या गरम पाणी म्हणतात. स्वयंपाकघरात जाऊन आचाऱ्याला आलं किसायला शिकवून आल्या. संध्याकाळी सगळ्यांना लॉबस्टर होतं. काकू जन्माच्या शाकाहारी, त्यामुळे त्यांना मक्याची कणसं. काका चिडवत होते, समुद्राकाठी येऊन गवत खातेस म्हणून.

खूप वर्षांनी इतकी हसले.

मंगळवार, १५ जुलै

आज कोल्डवेल बेटावर उतरलो. वर खाण आहे, तिच्यात काळं, स्थिर पाणी साचलेलं. काठाने दगडी घरांची जोती. शंभरेक वर्षांपूर्वी गाव एकदम रिकामं झालं. का, ते कॅप्टनना विचारलं तर म्हणाले, काम संपलं.

परत यायला छोटी होडी होती आणि दोन फेऱ्या करायच्या होत्या. पहिल्या फेरीत मी, काका आणि काकू. होडीत बसायच्या वेळी काकूंच्या लक्षात आलं की चष्मा खाणीपाशी राहिला. त्या म्हणाल्या, तुम्ही व्हा पुढे, मी नील-मीराबरोबर येते. ते दोघं अजून बेटाच्या दुसऱ्या टोकाला होते. एका हातात काठी, एका हातात पिशवी, आणि वर बिल्लाही सांभाळायचा. मीच म्हटलं, "काकू, द्या इकडे. शिडी चढून परत त्या फळीपाशी कुठे वाकत बसता? मी लावते." मोठ्या माणसाला वाकू द्यायचं नाही, हे आपल्या अंगातच असतं. त्यांनी दिला. मी दोन्ही बिल्ले लावले आणि खाली जाऊन चहा टाकला.

चहा होईस्तोवर नांगर उचलल्याचा आवाज आला. वर आले, तर धुकं उतरलं होतं. नीलला सहज विचारलं, काकू नीट चढल्या ना? तो म्हणाला, काकू? त्या तर तुमच्या फेरीत आल्या ना!

धावत खाली गेले, तर काकू टेबलाशी बसलेल्या. केस ओले, चेहरा हसरा.

कशा आल्या, कोणाबरोबर, काही विचारलं नाही. विचारलं असतं तर मी बिल्ला लावल्याचं सगळ्यांना कळलं असतं. कॅप्टन चारचौघांत बोलले असते. आल्या ना, मग झालं.

बुधवार, १६ जुलै

लिहावं की नाही कळत नाही. पण अनयाने सगळं लिहायला सांगितलंय.

काल रात्रीच्या जेवणात काकूंनी लॉबस्टर खाल्लं. कवच हातांनी फोडून. काका खो खो हसले, म्हणाले, चाळीस वर्षांनी बाटली एकदाची! काकूही हसल्या. काकांचं हसणं थांबलं तेव्हा, त्याच क्षणी, त्याही थांबल्या.

आज सकाळी त्या शिडीवरून तोंड पुढे करून उतरल्या. भराभर. मीरा म्हणाली, समुद्राची हवा मानवली काकूंना. आल्याची पिशवी दिसत नाही. काठी दिसत नाही. मी विचारलं, चष्मा सापडला का? त्यांनी माझ्याकडे जरा वेळ पाहिलं आणि म्हणाल्या, "कुठला चष्मा?" मग मासिक उघडून वाचत बसल्या.

सकाळपासून मला एकदाही विचारलं नाही, जेवलीस का.

डिमेन्शियाची सुरुवात असेल. वय झालं. काकांशी बोलायला हवं. बोलले नाही. डॉक्टरला काय सांगायचं, तुमची बायको बरी झाली म्हणून?

कोल्डवेल फार मागे नाही. आत्ता सांगितलं तर संध्याकाळपर्यंत परत जाता येईल. पण सांगायचं काय? काकू समोर बसल्यात. मी वेड्यात निघेन.

काल रात्री पाऊस आला. बेटावर आडोसा असेल का, असा विचार मनात येऊन गेला. कोणासाठी, ते मनातही पुरतं म्हटलं नाही.

गुरुवार, १७ जुलै

काल जेवणाआधी त्या डेकवर माझ्याशेजारी येऊन बसल्या होत्या. अंगाला खाणीच्या पाण्याचा वास, दगडासारखा. मी विचारलं, काकू, अनया झाली त्या दिवशी डब्यात काय आणलं होतं तुम्ही, आठवतं? त्या म्हणाल्या, "तूच सांग ना." मी सांगितलं. हळिवाची खीर, कुशलची धावपळ, सगळं. आणि मुद्दाम एक खोटं घातलं. म्हटलं, बाहेर नुसता बर्फ पडत होता.

त्यांनी पुढे खूप विचारलं. अनया मला काय म्हणते. झोपताना काय मागते. कुशल घरी आला की पहिलं काय करतो. घराची किल्ली कुठे असते. इतक्या मायेने विचारत होत्या की मी सांगत गेले. मला वाटलं, काकू परत आल्या.

आज नाश्त्याला त्यांनी मीराला तीच गोष्ट सांगितली. माझ्याच शब्दांत. मी जिथे थांबले होते तिथे थांबून. आणि म्हणाल्या, बाहेर नुसता बर्फ पडत होता.

अनया जूनमध्ये झाली. काकू घामाने भिजून आल्या होत्या, एसीच्या नावाने बोटं मोडत.

ही बाई काकू नाही.

म्हणजे काकू अजून तिथेच आहेत. मंगळवारपासून. पावसात. आणि मी चहा टाकत होते.

गुरुवार, जेवणानंतर

काकांना गाठलं. सगळं सांगितलं, बिल्ल्याचंही. ते म्हणाले, तिचे गुडघे दुखत नाहीत आता. कुरकुर नाही. मी म्हणेन त्याला हो म्हणते. सुट्टी चांगली चाललीये, जागृती. राहू दे ना.

त्यांना माहीत आहे. माझ्याआधीपासून.

त्यांच्यावर ओरडणार होते. पण मी तरी दोन दिवस काय केलं?

शुक्रवार, १८ जुलै, सकाळ

कॅप्टनना खरं सांगायचं ठरवलं होतं. त्यांच्यासमोर उभी राहिले आणि तोंडून निघालं ते असं, काकूंचा चष्मा कोल्डवेलवर राहिलाय, जाता जाता थांबाल का. अजूनही खोटंच. ते म्हणाले, वाटेतच आहे, पण धुकं वाढतंय, लवकर या. मग हळूच विचारलं, मंगळवारी सगळ्यांनी आपापलेच लावले होते ना?

मी हो म्हटलं.

नील होडी वल्हवणार आहे. बिल्ला जॅकेटच्या खिशात घातला, आता निघू. ती बाई कठड्यापाशी आली, माझ्या जॅकेटची चेन गळ्यापर्यंत ओढली, खिशावरून हात फिरवला. काकू असंच करायच्या. म्हणाली, "सावकाश ये हं. काळजी करू नकोस, मी आहे ना."

शुक्रवार, बेटावर

काकू सापडल्या. जिवंत आहेत.

खाणीच्या वरच्या अंगाला, अर्ध्या भिंतीच्या आडोशाला. ओठ फाटलेले, पाय सुजलेला. पावसाचं पाणी आल्याच्या पिशवीत धरून पीत होत्या. मला बघून हात वर केला आणि म्हणाल्या—

"जेवलीस का गं?"

मी त्यांच्या पायाशी बसून रडले. सगळं सांगितलं. बिल्ला मीच मागून घेतला, मी विचारलं नाही, मी गप्प बसले. त्या म्हणाल्या, अगं, मीच दिला ना हातात. तू येणार हे ठाऊक होतं मला. रागावल्या असत्या तर बरं झालं असतं.

जॅकेट त्यांना घातलं. त्यांना चालता येत नाही. नीलला बोलवायला धक्क्याच्या वाटेने उतरले. धुक्यात काही दिसत नव्हतं, पण वल्ह्यांचा आवाज येत होता. नील कोणाशी तरी बोलत होता. हसत होता. "मिळाला ना चष्मा? बसा मग, जागृतीताई."

आणि एक बाई म्हणाली, "मिळाला एकदाचा. चल, निघू या."

तो माझा आवाज होता.

ओरडले. खूप ओरडले. वल्ह्यांचा आवाज दूर गेला. नीलला ऐकू आलं असेल तर— त्याला वाटलं असेल, पक्षी—

परत वर आले. काकूंच्या अंगावरच्या जॅकेटचा खिसा चाचपला. बिल्ला नाही. चेन ओढली तेव्हाच— तिने काढून घेतला. तिने लावला असेल. मी त्यांचा लावला, तसाच.

नांगराची साखळी ऐकू येते आहे.

फळी भरली.

काकू डोळे मिटून पडल्यात. विचारताहेत, बोट आली का. मी म्हटलं, येतेच आहे. अजूनही खोटं—

उद्या दुपारी 'प्रूडन्स' रॉकलंडला लागेल. कुशल अनयाला घेऊन धक्क्यावर येणार आहे. मी उतरेन. कुशल बॅग घेईल. घराची किल्ली कुठे असते ते मीच—

अनया विचारेल, डिड यू राइट एव्हरीथिंग. वही माझ्याजवळ आहे. त्या बाईजवळ वही नसेल. अनया, वही माग. वही दाखव म्हण. तिने काहीही सांगितलं तरी ऐकू नकोस, तू फक्त—

खाणीच्या पाण्यातून कोणीतरी वर येतंय. काकू म्हणताहेत, बघ, आले बाई न्यायला. मी बघत नाही. मी लिहिते आहे. अनया, तू जूनमध्ये झालीस. बर्फ नव्हता. तिला विचार, बर्फ होता का, आणि ती जर हो म्हणाली तर बाबाचा हात धरून तू