आईच्या आवाजाबाबत

मी, राजपाल धरमसिंग राठोड, वय ४९, व्यवसाय गायन-वादन, राहणार रिसोड तालुक्यातील आमचा तांडा, कोणाच्याही दडपणाशिवाय हे लिहून ठेवतो. घशाच्या आजाराने माझा आवाज गेला आहे. डोके मात्र शाबूत आहे.

१. तांड्यावरील माझे स्वकष्टाचे घर बहीण निता हिला द्यावे. मी लग्न केले नाही, दुसरा वारस नाही. तिच्या नवऱ्याने, म्हणजे मेहुण्यांनी, तिथे आपल्या धंद्याचे डीजेचे भोंगे ठेवू नयेत.

२. कीबोर्ड माझा मित्र विकास याला द्यावा. अमरावतीला कॉलेजात असताना आम्ही चौघांनी रॉक बँड काढला. तो गिटार वाजवायचा, मी कीबोर्ड वाजवत गायचो. दहा वर्षे एकाच गाडीतून हिंडलो. २००९ साली वडील वारले. आई हिरीबाई, आमची याडी, त्यांच्या उशाशी बसून गात रडली. आम्हा बंजाऱ्यांत तशी रीत आहे. मी ते तिच्या नकळत मोबाइलवर टिपले आणि त्यावर गाणे बांधले. विकास म्हणाला, "आधी आईले इचार." मी म्हणालो, "तिले काय समजते त्यातलं?" त्याने वाजवायला नकार दिला. मी बँड सोडला आणि ते गाणे एकट्याच्या नावावर काढले. त्याच गाण्याने माझे नाव झाले. पुढे प्रत्येक कार्यक्रमात लोकांनी तेच मागितले.

३. त्या गाण्याचे सर्व हक्क निताला द्यावेत. आईने ते रिसोडच्या बाजारात, एका दुकानात लागलेले ऐकले. घरी येऊन म्हणाली, "तुह्या बापासाठी रडली व्हती मी. लोकायले कायले ऐकवलं?" त्यानंतर ती कधीच गायली नाही, निताच्या मुलीच्या लग्नातही नाही. शेवटच्या आजारात मी तिच्या पायाशी बसून म्हणालो, "याडी, एकदा गा." तिने विचारले, "मशीन बंद हाय काय?" मी रिकामे हात दाखवले. तिने भिंतीकडे तोंड फिरवले. तिसऱ्या दिवशी ती गेली.

४. तिचे मूळ ध्वनिमुद्रण ठेवायचे की पुसायचे, हे निताने ठरवावे. माझ्याने पुसवले नाही.

५. या मृत्युपत्राची अंमलबजावणी विकासने करावी. गेल्या महिन्यात तो भेटायला आला. मी कागदावर लिहिले, 'तुझं बरोबर होतं.' त्याने वाचले, कागद घडी करून खिशात ठेवला आणि निताला म्हणाला, "ताई, चहा ठेव वं."

६. माझ्या अंत्यविधीला ते गाणे लावू नये. निता रडली तर सगळ्यांनी आपापले मोबाइल खिशात ठेवावेत. ती रडली नाही, तर तिला कोणी काही म्हणू नये.

वरील मजकूर मी स्वतः लिहिला, पुन्हा वाचला आणि दोन्ही साक्षीदारांसमोर सही केली.

(सही) राजपाल धरमसिंग राठोड

साक्षीदार, ज्यांनी माझ्यासमक्ष सह्या केल्या:
(सही) उकंडराव सीताराम बोडखे, रिसोड
(सही) गोविंदसिंग हरिसिंग चव्हाण, शिरपूर जैन

ठिकाण : रिसोड, जि. वाशिम
दिनांक : ५ फेब्रुवारी २०२५