दांडा फिरतोय तोवर

४ फेब्रुवारी

ठरलं! आमच्या युद्धाच्या मूकपटात मेव्हणाच कैदी. शत्रूचा सगळ्यात धोकादायक माणूस, आणि आम्ही चौघे त्याच्यावर पहारा करणारे शिपाई. घरात उंदीर दिसला तरी हा खाटेवर चढतो! हिला सांगितलं तर हसून हसून बेजार. लहानपणीच्या तापात हिचे कान गेले. तेव्हापासून हा भाऊ समोर बसून सावकाश बोलतो आणि ही ओठांवरून सगळं ओळखते. माझं बोलणं अजून अर्धंच कळतं तिला. मिशीचा दोष, म्हणते.

९ फेब्रुवारी

दिग्दर्शकाची शिस्त— ओठ हलले पाहिजेत, बोला काहीही, ऐकतंय कोण? आणि कॅमेऱ्याच्या यंत्राचा दांडा फिरतोय तोवर कुणी जागा सोडायची नाही. "फिल्म महाग आहे, तुम्ही नाही!"

एरवी दाजी-दाजी करत मागे फिरणारा मेव्हणा आज दातओठ खात माझ्यावर काय गरजला? "हवालदारा, तुझ्या घोरण्यानं घर झोपत नाही!" मला हसू आवरेना. शिव्या खाल्ल्या.

१५ फेब्रुवारी

उद्या स्फोट. कैदी दारूगोळ्याच्या कोठारात खांबाला बांधलेला. आतषबाजीवाला म्हणतो, नुसता धूर. मला स्फोटाच्या दारूची पोती खांबाच्या फार जवळ वाटतात. बोललो. "शिपायानं पहारा करावा," दिग्दर्शक म्हणाला. दोर मीच आवळायचा आहे.

१६ फेब्रुवारी

गेला. लिहवत नाही.

२१ फेब्रुवारी

तो ओरडत होता, मान झटकत होता. दिग्दर्शक खूश— "वा! अजून!" वाऱ्याच्या पंख्याच्या घरघरीत काही ऐकू येईना. मला वाटलं, पुन्हा चावटपणा! हसू दाबत जरा मागे सरलो, आणि भडका उडाला. ठिणगी खोक्यांआडच्या पोत्यावर पडली होती. फक्त त्यालाच दिसत होती.

हिला सांगितलं, त्याला काही कळलंच नाही.

२ मार्च

मिशी काढली. आता हिच्याशी बोलायला मीच आहे.

३० मार्च

कंपनीनं ते दृश्य ठेवलंय! जनाची नाही, मनाची तरी! ही म्हणते, "मी बघणार." गाठ माझ्या हातची. तो "सोडा" म्हणत असेल तर हिला दिसेल.

८ एप्रिल

दुपारचा खेळ. बाहेर आल्यावर ही भिंतीला टेकून उभी राहिली. शेवटी मीच विचारलं, "सोडा म्हणत होता ना?"

तिनं नकारार्थी मान हलवली. "दाजी, मागं व्हा, म्हणत होता. तेवढंच, पुन्हा पुन्हा."

मग माझ्या तोंडाकडे बघत म्हणाली, "आणि तुम्ही हसत होतात."