लॉन्ड्रीवरची माझी स्फोटक डॉक्युमेंटरी

३ मार्च, सकाळी ७
आजपासून फक्त राग! हॉस्पिटलच्या चादरी धुणाऱ्या लॉन्ड्रीत इस्त्रीच्या रोलरला जाळीच नाही. परवा तिथल्या एका मावशींचा हात आत गेला. तीन बोटं भाजली. मालक म्हणतो, बाईंचंच लक्ष नव्हतं. हरामखोर! माझी डॉक्युमेंटरी त्याला नाक घासायला लावेल. पंचवीस मिनिटांची. फार तर तीस.

४ मार्च
मॅनेजरला जाहिरातीचं शूटिंग असल्याची थाप मारून आत शिरलो. रोलर, उघडी फट, वाफ, सगळं घेतलं. दोन मिनिटांत आटोपलं. उरलेला वेळ माझं निवेदन. सतरा टेक. मशीनच्या घरघरीने पार वाट लावली. जरा बंद करा म्हटलं, तर सगळ्या बायका माझ्याकडे बघत राहिल्या. शोषितांना स्वतःचं हित कळत नाही, दुसरं काय!

७ मार्च
मावशींच्या घरी मुलाखत. एका खोलीत चार माणसं आणि एक कपाट. कपाट फ्रेममध्ये खुपत होतं, बाहेर काढायला लावलं. मावशी बोलता बोलता रडल्या. नेमका माइक बंद. (माइकवालेही भांडवलदारच.) पुन्हा रडा म्हटलं, तर म्हणाल्या, आता नाही येत. समजूत घातली. हाताची पट्टी कॅमेऱ्यात नीट दिसेना, म्हणून वरून आणखी एक गुंडाळली. आता कसा अन्याय उठून दिसतो!

१२ मार्च
बायको युनियनच्या ऑफिसात टायपिंग करते. म्हणाली, एकोणीसला कामगार अधिकाऱ्यांपुढे मावशींच्या तक्रारीची सुनावणी आहे, रोलरची तेवढी दोन मिनिटं दे, बाकी काही नको. दोन मिनिटं! मी काय सीसीटीव्ही आहे? संतापाने जेवलो नाही. नंतर जेवलो.

१८ मार्च
एडिटिंग अर्धवट. पण सत्याला कात्री कशाला? सगळं कच्चं फुटेज युनियनला देऊन टाकलं. सहा तास. बायको म्हणाली, आधी एकदा बघून तरी घे. मीच शूट केलेलं मी काय बघायचं?

१९ मार्च, दुपारी
सुनावणी. युनियनने फुटेज जसंच्या तसं दाखल केलं, त्याची एक प्रत मालकाच्या वकिलाला मिळाली. त्याने रोलर सोडून थेट मुलाखत लावली. माझाच आवाज, अगदी खणखणीत: मावशी, हात थरथरू द्या, अजून थोडा, पट्टी आणखी गुंडाळू. वकील हसला. अधिकारी हसले नाहीत. त्यांनी मावशींना पट्टी सोडायला सांगितली. सगळ्यांदेखत. मावशींनी दातांनी गाठ सोडली. हात बघून वकिलानेही मान खाली घातली. पण चित्रण संशयास्पद ठरलं. पुढची तारीख दीड महिन्याने. तोवर रोलर तसाच चालू.

बाहेर मावशींना म्हटलं, खरा राग मला आज आला. त्या म्हणाल्या, मला रोज येतो, दादा. त्यांची बस आली. गेल्या.

२० मार्च
शिव्या द्यायला बसलो. कुणाला द्यायच्या तेच कळेना. बायकोला विचारलं, मी काय करू? ती मान वर न करता म्हणाली, नवा अर्ज टाइप केलाय, त्याच्या सहा झेरॉक्स काढून आण. तडक निघालो. दुकानात पोचल्यावर लक्षात आलं, अर्ज घरीच राहिला.