वडीलधारं सॉफ्टवेअर

३ मार्च, सकाळ
नोकरी लागली. महिनाअखेरपर्यंत ट्रायल. ऑफिस नवीन जालन्यात, स्टेशन रोडला, एका बियाणे कंपनीच्या वरच्या मजल्यावर. काम सोपं आहे. व्हिडिओ एडिटिंगच्या सॉफ्टवेअरवरचे जुने लेख शब्द बदलून पुन्हा लिहायचे. मालक राधेश्याम सर म्हणाले, "अर्थ त्यांचा, शब्द आपले. बराबर?" मी म्हटलं, बराबर.
कायम झाले तर चतुराबाई आत्याकडे जालन्यातच राहायचं. नाही झाले तर कुंभार पिंपळगावला परत, आईच्या शेवयांच्या मशीनवर. म्हणून कायम होणारच.

३ मार्च, संध्याकाळ
एक शंका. ही कॉपी तर नाही? पहिलीचं सगळं मी घरीच शिकले, ओसरीवर, अण्णांकडे. एकदा चुलतभावाच्या पाटीत डोकावले तर अण्णांनी आख्खी पाटी पुसायला लावली होती. बराच विचार केला. कॉपीत शब्द तेच असतात. माझे सगळे वेगळे असतील. म्हणजे हे स्वतंत्र लेखन झालं.
संकल्प: मूळचा एकही शब्द ठेवायचा नाही.

५ मार्च
व्हिडिओ = चलचित्र. टाइमलाइन = काळरेघ. एक्सपोर्ट = निर्यात. माउस = मूषक. कॉपी पकडणाऱ्या सॉफ्टवेअरने शून्य टक्के दाखवलं. शेजारच्या टेबलवर अफ्रीन डिझाइन करते. तिने मोठ्याने वाचलं, "मूषकाने चलचित्राची शेपूट छाटावी. अगं, हे काय लिहून राह्यलीस?" मी म्हटलं, मूळ लेखकाचं यात काहीच उरलेलं नाही. म्हणाली, "समजण्यासारखं बी काही न्हाई उरलं."
अफ्रीन चित्रांची माणूस आहे.

८ मार्च
सरांनी बोलावलं. 'क्लिपवीर' या सॉफ्टवेअरचं मी 'तुकडाशूर' केलं होतं. सरांनी हात जोडले. "ताई, बाकी जग बदला. ब्रँडच्या नावाला हात लावू नका. तेच तर विकायचंय." क्लिपवीरचे नांदेडचे विक्रेते हे आमचं सगळ्यात मोठं गिऱ्हाईक. त्यांच्यासाठी आता मोठा लेख लिहायचा: क्लिपवीर घ्यावं की रीलबाज? "हा जमला की तुमची नोकरी पक्की," असं सर स्वतः म्हणाले. नावाला हात लावणार नाही. लिहून ठेवते.

११ मार्च, दुपार
लेख झाला, पण चैन नाही. क्लिपवीरच्या वेबसाइटवर कंपनीचं साल बघितलं. १९९६. माझा जन्म २००२ चा. मोठे आहेत. आणि मी बिनदिक्कत लिहिलंय, 'क्लिपवीर हळू चालतो.' लाज वाटली. 'क्लिपवीर सावकाश चालतात' असं केलं. तरी समाधान नाही. वडीलधाऱ्यांचं नाव असं ओळीओळीला घ्यायचं?
आईने अण्णांचं नाव आजवर घेतलेलं नाही. रेशन दुकानात विचारलं तर ती माझ्याकडे बघते, मी सांगते. घरी 'हे', बाहेर 'ज्योत्स्नाचे वडील'. कधी अडलेलं नाही. सगळ्या गावाला कळतं.

११ मार्च, ऑफिस सुटताना
सुटलं. क्लिपवीरच्या जागी सगळीकडे 'ते', 'थोरले', 'घरचे'. रीलबाज २०२१ चा, धाकटा. त्याला नावाने हाक मारायला काहीच हरकत नाही. सरांचा नियमही पाळला गेला. नावाला हात लावला नाहीच, बोटसुद्धा नाही.
अफ्रीन म्हणाली, "अगं, कंपनी हाय ती. तुझा सासरा न्हाई." मी म्हटलं, शिकवण आहे. ती म्हणाली, "वाचणाऱ्यानं काय करावं मंग? तुझ्या आईला फोन लावावा?"

१२ मार्च
सर परभणीला लग्नात. फोनवर फक्त टक्के विचारले. शून्य. म्हणाले, "डाल दो." वेबसाइटवर डालला.
आत्याला सांगितलं, मी कायम झाल्यात जमा आहे. आत्याने माझ्यासाठी कपाटाचा खालचा कप्पा रिकामा केला.

१९ मार्च
लेख गाजला. नांदेडच्या विक्रेत्यांचा स्वतःहून फोन आला. आवाज बाहेरपर्यंत येत होता. "लेख वाचून लोक दुकानात येऊन राह्यले, अन् रीलबाज मागून राह्यले! आमचं नाव कुठंय त्याच्यात?" लोक दुकानात येतात हे त्यांनी स्वतः मान्य केलं, ही लहान गोष्ट नाही.
सरांना मी सगळं समजावलं: सालं, थोरले, धाकटे, रेशन दुकान. त्यांनी चष्मा काढून टेबलावर ठेवला. मग विचारलं, "घरी अजून कोण कोण असतं?" आपुलकी दिसली.

२४ मार्च
रीलबाजच्या माणसाने ऑफिसात पेढे पाठवले. सोबत निरोप, "इतक्या वेळा तर आमच्या जाहिरातीत बी आमचं नाव येत न्हाई." मी खाल्ले नाहीत. हेतू नसताना केलेल्या कौतुकाचा पेढा खाणं बरोबर नाही. सरांनीही खाल्ले नाहीत, पण त्यांचं कारण वेगळं असावं.

२७ मार्च
नांदेडचं गिऱ्हाईक गेलं. सर म्हणाले, तुम्ही आता घरी आराम करा. महिना पूर्ण व्हायच्या आत सुट्टी दिली. आत्याने कपाटाच्या खालच्या कप्प्यात पुन्हा रजया भरल्या.

३१ मार्च, कुंभार पिंपळगाव
अफ्रीनचा मेसेज: "सर तुझं नाव बी घेत न्हाईत आता. नुसतं 'ती' म्हणतात. मी चुकून घेतलं तर कानाला हात लावला." पुन्हा पुन्हा वाचला. सर पन्नाशीचे, मी एवढी लहान. तरीही. मान वयावर नसतो, कामावर असतो.
आईला वाचून दाखवला. ती म्हणाली, "बरं. शेवयांचा सीझन आलाय. दुपारून बाया गहू घेऊन येतील."
मशीनवरचं फडकं काढलं. बाजूला साल कोरलंय, १९८९. त्यांना तेल घालून ठेवलं. जेवण झालं की सुरू होतील.