धक्क्यावरचं पडणं

४ सप्टेंबर १९६१

आज अकरा वेळा पडलो. एकदाही धड नाही! चित्रीकरणाचा प्रसंग साधा — बगलेत लांब पाव, समोरून एक नन येते, मी टोपी उचलतो आणि धक्क्याच्या शेवाळलेल्या पायरीवरून थेट चिखलात. तीस वर्षं पडून लोकांना हसवतोय. आधी रंगमंचावर, मग माझ्याच पाच सिनेमांत. आणि आता गुडघा ऐन वेळी विचारतो — नक्की ना?

तेवढ्यात भरती. चिखल गेला, दिवस गेला.

५ सप्टेंबर

वारा. काम बंद. हा फ्रान्समधला ब्रिटनीचा किनारा मीच निवडला, बोलणार कुणाला!

६ सप्टेंबर

आज पडणं जमलं! आणि गर्दीसाठी उभ्या केलेल्या कोळ्यांनी वाट लावली. हसायचं सोडून धावत आले मला उचलायला. ओरडलो, "अहो, हसा! उचलू नका!" म्हातारा केरदोंकूफ टोपी चुरगाळत म्हणाला, "साहेब, आमच्याकडे वयस्कर माणूस पडला तर उचलतात."

वयस्कर! स्वतः सत्तरीचा आहे!

८ सप्टेंबर

पॅरिसहून निर्मात्याचा फोन — तुझ्याऐवजी सर्कशीतल्या कुणाला तरी पाडू. फोन आदळला.

बायको म्हणून गिलेन गप्प बसली असती, पण बावीस वर्षं माझ्या सिनेमांचं संकलन तीच करते. जेवताना म्हणालीच, "तू पडतोस तेव्हा मला आता हसू येत नाही रे. तू उठेपर्यंत श्वास रोखून बसते."

ताट सरकवून उठलो. खेकडे तिनं एकटीनं संपवले.

९ सप्टेंबर

हद्द झाली! सोलांज — पाववाली, पन्नाशीची, अंगानं दांडगी, रोज चित्रीकरणाला पाव पुरवते. तिनं दुपारी सगळ्यांसमोर माझी नक्कल केली! तो पाव, ती टोपी, तो अडखळता गुडघा — आणि धप्पकन चिखलात. कोळी पोट धरधरून हसले. उचलायला एकही धावला नाही.

मी तिला नको नको ते बोललो. ती घागरा झटकत म्हणाली, "रागावता काय? आठवडाभर तुम्हीच तर शिकवताय!"

१० सप्टेंबर

रविवार. संध्याकाळी सिनेमातली माझी टोपी घेऊन सोलांजच्या दुकानाचं मागचं दार ठोठावलं.

११ सप्टेंबर

सोलांज पहिल्याच फटक्यात सुरेख पडली. तरी शॉट वाया गेला — कॅमेऱ्याशेजारी कुणीतरी खो खो हसलं.

मीच.