कॅमेरावाल्याची मिळकत आणि एक चूक

मी, वय वर्षे एकाहत्तर, धंद्याने कॅमेरा ऑपरेटर, सध्या घरी रिकामा, हे मृत्युपत्र माझ्या हाताने आणि माझ्याच अकलेने लिहीत आहे. डोके शाबूत असल्याचा डॉक्टरांचा दाखला सोबत जोडला आहे. गुडघ्यांबद्दल त्यांनी काही लिहून दिलेले नाही. यापूर्वी मी मृत्युपत्र केलेले नाही; हे पहिले आणि जमल्यास शेवटचे.

कलम १. राहते घर, दोन खोल्या व स्वयंपाकघर, माझ्या पश्चात पत्नीचे. खरे तर ते आताही तिचेच आहे. मी आधी सिनेमासाठी आणि मग सतरा वर्षे मालिकांसाठी बाहेरच असायचो. पुढच्या खोलीची खिडकी कुणी बदलू नये. दुपारी चारला तिथून येतो तसा उजेड मी कुठल्याही स्टुडिओत पाहिलेला नाही.

कलम २. लाइट मीटर आणि दोन लेन्स मुलीला. ती दातांची डॉक्टर आहे, तिला यांचा काडीचा उपयोग नाही, हे मला ठाऊक आहे. पण तिच्या प्रत्येक वाढदिवसाला मी शूटिंगला गेलेलो असायचो आणि फोटो शेजाऱ्यांनी काढले, तेही डोकी कापून. ही भरपाई नव्हे, नुसती कबुली आहे.

कलम ३. मालिकांच्या दिग्दर्शकास काहीही देऊ नये. थोबाडीत मारण्याच्या एकेका प्रसंगावर तीन बाजूंनी तीनदा झूम करायला लावून त्याने माझ्या मनगटाची वाट लावली. वर सगळ्यांसमोर ओरडायचा, "आजोबा, अजून जवळ जा!" तो अंत्ययात्रेला आलाच तर त्याला लांब उभे करावे.

कलम ४. बँकेतील ठेव निम्मी पत्नीला आणि निम्मी तिच्या धाकट्या भावाला, म्हणजे माझ्या मेहुण्याला. त्याचे कारण लिहिणे भाग आहे.

मेहुणा अकरा वर्षे माझा असिस्टंट होता. कॅमेऱ्याच्या डब्यात फिल्म भरायचे काम त्याचे. काळ्या पिशवीत दोन्ही हात घालून, न बघता, नुसत्या बोटांनी. त्याच्या हातून फूटभर फिल्मही कधी वाया गेली नाही. एका सिनेमाच्या शेवटच्या दिवशी एका म्हाताऱ्या नटीचा शॉट होता. मुलाचे पत्र वाचायचे आणि घडी घालून ठेवायचे, एवढेच. बाईंनी ते असे काही केले की मला राहवले नाही. कॅमेरा चालू असताना मी आयपीसवरून डोळा काढला आणि बाईंकडे थेट बघत राहिलो. आमच्या धंद्यात पहिल्या दिवशी बजावतात की फिल्म चालू असताना डोळा तिथून हलवायचा नाही. बघायचे ते भोक आपल्या डोळ्यानेच झाकलेले असते. ते उघडे पडले की मागून उजेड शिरतो आणि फिल्म नासते.

लॅबमधून फिल्म पांढरी पडून आली. बाई तोवर इस्पितळात होत्या, त्या परत आल्या नाहीत. निर्मात्याने विचारले, "उजेड लागला कुठून?" मी म्हणालो, "डबा भरताना लागला असेल." चोर सोडून संन्याशाला फाशी. मेहुण्याने तोंडातून ब्र काढला नाही. त्याला पुन्हा कुणी कामावर घेतले नाही. त्याने किल्ल्या बनवायचे दुकान टाकले. आई गेल्यावर त्याला लहानाचे मोठे केले ते माझ्या पत्नीने. तिने "माझ्या नवऱ्याचं नाव घालवलंस" म्हणून त्याच्याशी बोलणे टाकले. त्याला सव्वीस वर्षे झाली. चूक माझी होती. हे कलम माझ्या मृत्यूनंतर पत्नीला वाचून दाखवावे.

कलम ५. कलम चारचे शेवटचे वाक्य रद्द समजावे. मसुदा पाहून वकीलबाई म्हणाल्या, "मेल्यावर माफी मागणार? मग ती मिळाली की नाही, हे तुम्हाला कोण सांगणार?" म्हणून काल मी कलम चार पत्नीला स्वतः वाचून दाखवले. तिने कागद माझ्या हातातून घेतला, चष्मा पुसला आणि पुन्हा पहिल्यापासून वाचला. मग म्हणाली, "सव्वीस वर्षं माझ्यासमोर बसून जेवलात तुम्ही." आणि भावाला फोन लावला. नंबर तिला पाठ होता. तेव्हापासून ती माझ्याशी बोललेली नाही. मला फार वाईट वाटते, आणि तिचे बरोबर आहे.

मेहुणा आज सकाळी आला. म्हणाला, "भाऊजी, मला माहीत होतं. डबा नीट भरलाय की नाही, ते माझ्या बोटांना कळणार नाही होय?"

"मग बोलला का नाहीस?"

"तुमचं काम गेलं असतं. ताईचं घर होतं ते."



कलम ६. मेहुण्याने ठेवीचा वाटा नाकारला आहे. ज्याला मृत्युपत्रात काही मिळते त्याने साक्षीदार होऊ नये, असे वकीलबाईंनी सांगताच तो म्हणाला, "मग मला काही नको. ह्या कागदावर माझी सही हवी." सबब संपूर्ण ठेव पत्नीकडे जावी.

वरील मजकूर मी वाचला, तो खरा आहे आणि त्याखाली मी राजीखुशीने सही केली आहे.

ठिकाण: राहते घर, स्वयंपाकघरातील टेबल.
दिनांक: ११ फेब्रुवारी, दुपारी चार.

सही: स्वतः.

साक्षीदार पहिले: घरचे डॉक्टर.

साक्षीदार दुसरे: धाकटा मेहुणा, किल्लीवाला. यांची सही दोन तास उशिरा झाली. आतल्या खोलीत बहीणभाऊ बोलत होते, आणि त्यांना हाक मारण्याचा मला अधिकार नव्हता.