कुजाईले वेशीत घे

किन्हीराजा
१९ जानेवारी २०२५

चि. धम्मदीपास उकंडकाकाचा सप्रेम जयभीम, अ. आ.

फोन तू उचलत नाई, म्हून कागदावर भांडून राह्यलो. तुहा भाऊ धम्मरत्न तुह्या पुस्तकाची छापाआधीची प्रत देऊन गेला. वाचली अन् डोस्कं फिरलं.

गोष्टीतला अखंडी मुलूख आपल्या दोघाचा होता, का तुह्या एकटीचा? तू फ्रॉकात होती. मी उकिरड्यातून खत भरत जाओ अन् तू काठावर बसून इचारे, मंग पुढं काय झालं. राणीनं सारं सडवणाऱ्या कुजाईले वेशीबाहेर हाकललं. मंग मुलुखात काहीच सडे ना. पडलेलं पान पडूनच राहे, दुधाले विरजण लागे ना, मातीतलं बी फुगे ना अन् फुटे ना. लोकं उपाशी मराले लागले, तं मेलेलेही जसेच्या तसे पडून. शेवटी राणी अनवाणी जाते, कुजाईच्या पाया पडते अन् तिले वेशीत घेते. हा त्या जगाचा कायदा होता. तूच टाळ्या वाजवे.

अन् आता तू लिवलं, राणीनं कुजाईले जाळून टाकलं अन् अखंडी कायमची सुखी झाली? काय खाऊन सुखी झाली? बी फुटत नाई तं भाकर कायची? लेकराइले असं खोटं सांगाले तुले लाज नाई वाटत? शेवट बदल.

बाकी ठीक. तुह्या आईचे, गंगूवहिनीचे, गुडघे दुखून राह्यले, तोंड मात्र शाबूत आहे. वावराच्या धुऱ्यावर तुह्या लेकीले ठेवलं तिथं सीताफळाचं रोप लावलं. खत टाकलं, चांगलं धरलं.

राग आला तं येऊ दे, जीव लावणं सोडू नको.

तुहा,
उकंडकाका


पुणे
२ फेब्रुवारी २०२५

ति. उकंडकाकांस धम्मदीपाचा सप्रेम जयभीम, वि. वि.

पुस्तकावर तुमी पानभर लिहिलं आणि माझ्या पोरीवर दोन ओळी, त्याही आईच्या गुडघ्यांनंतर. कोणाला विचारून रोप लावलं? खत टाकलं म्हणे. महिनाभरही न जगलेलं लेकरू ठेवलंय तिथं, काका, आणि तुमी तिच्या अंगावर शेणखत टाकलं. ते रोप उपटा.

वाशीमच्या दवाखान्यातून तिला घरी आणली तेव्हा आई काय म्हणत होती, आठवतं? जुन्या लोकांसारखं एकदा उकिरड्यावर लोळवून घेऊ, टाकून दिलेलं लेकरू समजून मरण वाटेनं निघून जातं. तुमी घर डोक्यावर घेतलं. ही अंधश्रद्धा आहे, आपल्या घरात चालणार नाही म्हणाले. मीही तुमचीच बाजू घेतली. पण तुमाला तर लोळवलंच होतं ना? नावसुद्धा उकंडा ठेवलं. तुमी सत्तरी गाठली. शहाणपण काय माझ्याच पोरीच्या वेळी सुचलं?

अखंडीत काही सडत नाही, कारण तिथं माझं राज्य आहे. मातीत काय होतं ते मला कळतं, शिकलेली आहे मी. रोज झोपताना तेच डोळ्यांपुढं येतं. निदान एका मुलुखात तरी ते होऊ नये. शेवट बदलणार नाही. पुढच्या महिन्यात पुस्तक छापायला जाईल.

लोभ असावा, असं आज लिहवत नाही.

धम्मदीपा


किन्हीराजा
१४ फेब्रुवारी २०२५

चि. दीपास जयभीम, अ. आ.

तुहं पत्र वाचलं अन् ताट सरकवून देल्लं. वहिनी काहून जेवत नाई, काहून जेवत नाई करत राह्यली. तिले काय सांगू?

मी ओरडलो होतो, अजूनही ओरडीन. आता आईक, हे तुह्या बापानंही तुले कधी सांगतलं नाई. माह्या आधी एक भाऊ झालता. त्यालेही आईनं उकिरड्यावर लोळवलं, त्याचंही नाव उकंडाच ठेवलं. तो मेला. मंग मी झालो. तोच उकिरडा, तेच नाव. मी जगलो, तं गावभर उकिरड्याचा गाजावाजा झाला. पहिल्या उकंड्याचं नाव कोणी काढत नाई.

उकिरडा कोणाले वाचवत नाई, दीपा. वाचवत असता तं सारे विचार गेले तेल लावत, मीच तुह्या लेकीले नेऊन ठेवली असती. त्याले फक्त खत करता येते, त्याच्यावर गाव जेवते. विहारात आपण हात जोडून अनित्य अनित्य म्हणतो. आपल्या घरावर आलं का मंग समजते.

अन् रोप कायले लावलं? माह्या भावाले वावरात कुठं ठेवलं, ते आता कोणालेच माहीत नाई. आईनं खूण ठेवली नाई, वरून वखर फिरला. मरेपर्यंत ती धुऱ्यानं फिरत राह्यली, जागा सापडली नाई. तुह्यावर ती पाळी येऊ नये.

रोप मी उपटत नाई. तुले उपटायचं असन तं ये अन् तुह्या हातानं उपट.

भांडाले तरी ये.

उकंडकाका


पुणे
९ मार्च २०२५

ति. काकांस सप्रेम जयभीम, वि. वि.

मी येऊन गेले. शेलूबाजारला उतरून जीप धरली आणि घरी न येता सरळ धुऱ्यावर गेले. आईला सांगू नका, झोडपेल मला.

उपटायलाच आले होते. खोडाला हात घातला. झाडावर एक पान नव्हतं. सगळी बुडाशी पडलेली, वरची वाळकी, खालची काळी होऊन मातीत मिसळत चाललेली. हात घातला तर माती मऊ लागली. खूप वेळ बसले. मग बाटलीतलं पाणी त्याला घातलं. रागानंच घातलं, उगाच गैरसमज नको.

पुस्तक छापायचं थांबवलंय. कुजाईला वेशीत घेतलं. पण माझी राणी पाया पडत नाही. ती वेस उघडते, कुजाईच्या थोबाडीत एक मारते आणि बाजूला होते. कायदा तुमचा राहिला, थप्पड माझी. ती मी काढणार नाही.

पालवी फुटली की फोन करा. उचलीन.

तुमची,
दीपा